डीएलएल सापडत नाही? फाइल शोधू नका, तिचं पॅकेज शोधा

प्रोग्रामवर डबल-क्लिक करावं आणि तो उघडण्याऐवजी एक छोटी खिडकी यावी: अमुक नावाची डीएलएल सापडली नाही, त्यामुळे पुढे जाता येत नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा. यानंतर बहुतेक जण काय करतात? फाइलचं नाव जसंच्या तसं सर्चमध्ये टाकतात, वर आलेल्या एखाद्या साइटवरून ती एकटी फाइल उतरवतात आणि सिस्टम३२ फोल्डरमध्ये नेऊन ठेवतात. कधीकधी प्रोग्राम सुरूही होतो. बऱ्याचदा मात्र दुसऱ्या फाइलचं नाव घेऊन नवी खिडकी येते, मग तिसरी.

डीएलएल, म्हणजे प्रोग्रामना लागणारा कोड ठेवलेली जोडफाइल, कधीच एकटी येत नाही. प्रत्येक डीएलएलचा कोणीतरी मालक असतो: स्वतः विंडोज, मायक्रोसॉफ्टचं एखादं रनटाइम पॅकेज (प्रोग्राम चालायला लागणाऱ्या तयार फाइलींचा संच), तुमचा तो प्रोग्राम किंवा एखादा ड्रायव्हर. मालक ओळखला की दुरुस्ती सहसा काही मिनिटांची असते. न ओळखता केलेली खटपट मूळ बिघाडावर नवा बिघाड चढवते. म्हणून या लेखातल्या सगळ्या पायऱ्या एकाच प्रश्नाभोवती आहेत: ही फाइल कोणाची?

एक सूचना आधीच. कमांड आणि फाइलींची नावं इथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत; टाइप करताना ती रोमन अक्षरांत आणि इंग्रजी आकड्यांत करायची आहेत.

एक फाइल, अनेक प्रोग्राम

फाइल उघडणं, खिडकी रंगवणं, प्रिंटरकडे मजकूर पाठवणं ही कामं जवळपास प्रत्येक प्रोग्रामला लागतात. प्रत्येकाने त्यासाठी स्वतःचा कोड बाळगायचा तर डिस्क आणि मेमरी दोन्ही वाया जातील. म्हणून असा सामायिक कोड वेगळ्या फाइलीत ठेवायचा आणि गरज पडेल तेव्हा जोडून घ्यायचा, ही कल्पना. १९८५ साली आलेली विंडोजची पहिली आवृत्तीच कर्नल, युजर आणि जीडीआय या तीन सामायिक घटकांवर उभी होती. आजच्या विंडोज ११च्या सिस्टम फोल्डरमध्येही कर्नल३२, युजर३२ आणि जीडीआय३२ या डीएलएल फाइली सापडतात.

यात मेमरी कशी वाचते ते समजून घेण्यासारखं आहे. समजा एका डीएलएलमध्ये १० एमबी कोड आहे आणि एकाच वेळी २० प्रोग्राम ती वापरत आहेत. सरळ हिशेबाने २०० एमबी लागायला हवेत. प्रत्यक्षात विंडोज त्या कोडची एकच प्रत रॅममध्ये ठेवतं आणि वीसही प्रोग्रामना तीच दाखवतं. तीसुद्धा अख्खी नसते. साधारण ४ केबीच्या तुकड्यांपैकी, म्हणजे पेजेसपैकी, जी खरोखर वापरात आहेत तेवढीच रॅममध्ये येतात. डेटाचं मात्र वेगळं आहे. डीएलएलमधल्या बदलू शकणाऱ्या डेटालाही सुरुवातीला सगळे एकाच प्रतीतून वाचतात, पण एखाद्या प्रोग्रामने त्यात काही लिहायला घेतलं की त्या क्षणी फक्त त्याच्यासाठी त्या पेजची वेगळी प्रत तयार होते. त्यामुळे एकाचं लिहिलेलं दुसऱ्याला दिसत नाही.

प्रत्येक प्रोसेसमध्ये, म्हणजे चालू असलेल्या प्रोग्राममध्ये, प्रत्येक डीएलएलसाठी एक मोजणीही चालू असते. प्रोग्रामने लोडलायब्ररी हे फंक्शन बोलावलं की आकडा एकने वाढतो, फ्रीलायब्ररी बोलावलं की एकने कमी होतो. शून्यावर आला की ती डीएलएल त्या प्रोसेसच्या मेमरीतून उतरते. म्हणून ‘डीएलएल साफ करून रॅम मोकळी करा’ असं सांगणारी सॉफ्टवेअरं मला कधीच पटली नाहीत. जे काम ती विकतात, ते विंडोज आधीपासून करतंय.

वापरात असलेल्या डीएलएलवर विंडोज दुसरी फाइल लिहू देत नाही. अपडेटनंतर रीस्टार्टचा आग्रह धरला जातो त्याचं एक मोठं कारण हेच. नव्या फाइली बाजूला तयार ठेवलेल्या असतात आणि जुन्या कोणीही पकडून ठेवलेल्या नसतात अशा वेळी, म्हणजे संगणक पुन्हा सुरू होताना, अदलाबदल होते. अपडेट अर्धवट ठेवून रीस्टार्ट दिवसेंदिवस पुढे ढकलला असेल आणि मध्येच डीएलएलच्या तक्रारी सुरू झाल्या, तर आधी रीस्टार्ट करा. सांगायला इतकं साधं आहे की लोक ते करतच नाहीत.

डीएलएलमध्ये कोडच असतो असंही नाही. विंडोजची असंख्य चिन्हं वर्षानुवर्षं शेल३२ आणि इमेजरेस या डीएलएल फाइलींत भरलेली असायची, आणि निरनिराळ्या भाषांमधले मजकूर एमयूआय नावाच्या सोबतच्या फाइलींत. उलट ओसीएक्स, सीपीएल, डीआरव्ही अशी शेपटं असलेल्या अनेक फाइली आतून डीएलएलच असतात.

विंडोज शोधतं कुठे कुठे

प्रोग्राम सहसा फक्त नाव सांगतो, पत्ता नाही. मग विंडोज ठरलेल्या क्रमाने शोधायला निघतं. ती डीएलएल त्या प्रोसेसमध्ये आधीच लोड झालेली असेल तर प्रश्नच मिटतो. कर्नल३२सारख्या काही मूलभूत फाइलींची एक राखीव यादी रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जच्या नोंदवहीत, असते, त्या कायम सिस्टमच्याच वापरल्या जातात. बाकीच्यांसाठी आधी प्रोग्रामचं स्वतःचं फोल्डर, मग सिस्टम३२, मग १६ बिटच्या काळातलं सिस्टम फोल्डर, मग विंडोज फोल्डर, मग प्रोग्राम त्या वेळी ज्या फोल्डरमध्ये काम करतोय ते, आणि शेवटी पाथ या व्हेरिएबलमध्ये नोंदवलेली फोल्डरं.

चालू फोल्डर इतकं मागे ढकललं गेलं ते विंडोज एक्सपीच्या दुसऱ्या सर्व्हिस पॅकपासून. आधी ते बरंच पुढे होतं. त्यामुळे कोणी एखाद्या फोल्डरमध्ये साधं डॉक्युमेंट आणि शेजारी ओळखीच्या नावाची घातक डीएलएल ठेवली, तर डॉक्युमेंट उघडताच ती लोड होण्याची भीती असे. हा प्रकार पूर्ण संपलाही नाही. २०१०च्या ऑगस्टमध्ये मायक्रोसॉफ्टला याच विषयावर सुरक्षा-सूचना काढावी लागली होती.

आता फसवी गोष्ट. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिट फाइली असतात आणि ३२ बिट फाइली सिसवाव६४ या फोल्डरात. नावं उलटी वाटतात, पण असंच आहे. असंख्य जुन्या प्रोग्राममध्ये सिस्टम३२ हा पत्ता पक्का लिहून ठेवलेला असल्यामुळे नाव बदलता आलं नाही. त्यावर कडी म्हणजे ३२ बिट प्रोग्राम सिस्टम३२मध्ये डोकावला की विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४कडे वळवतं. उतरवलेली ३२ बिट फाइल भाबडेपणाने सिस्टम३२मध्ये टाकणाऱ्याचा प्रोग्राम तसाच अडून राहतो तो यामुळे: प्रोग्राम त्या फोल्डरात बघतच नसतो.

पायरी पहिली: खिडकीतला मजकूर नीट वाचा

ओके दाबण्याआधी स्क्रीनशॉट घ्या. डीएलएलच्या तक्रारी पाच-सहा प्रकारच्या असतात आणि प्रत्येकीचा रोख वेगळा.

‘सापडली नाही’ असा मजकूर असेल तर वर सांगितलेल्या सगळ्या जागा धुंडाळून झाल्या आणि फाइल मिळाली नाही. ०एक्ससी००००१३५ हा आकडाही तेच सांगतो.

‘प्रोसीजर एन्ट्री पॉइंट’ मिळाला नाही असं म्हटलं असेल तर फाइल सापडली आहे, पण प्रोग्रामला हवं असलेलं फंक्शन तिच्यात नाही. याचा अर्थ आवृत्ती चुकीची, बहुधा जुनी. अशा वेळी त्याच नावाची आणखी एक प्रत आणून काही होत नाही; चुकीची प्रत कुठून उचलली जातेय हे शोधावं लागतं. कित्येकदा ती प्रोग्रामच्याच फोल्डरमध्ये कोणीतरी कधीकाळी हाताने टाकलेली असते.

०एक्ससी०००००७बी दिसला तर ३२ आणि ६४ बिटची सरमिसळ झाल्याचा संशय आधी घ्या. हाताने फाइली कॉपी करण्याच्या उद्योगाचं हे ठरलेलं फळ. फाइल अर्धवट किंवा खराब असेल तरीही हाच आकडा येऊ शकतो.

०एक्ससी००००१४२ म्हणजे डीएलएल सापडली, लोड झाली, पण सुरुवातीची तयारी करताना अपयशी ठरली. आणि ‘साइड-बाय-साइड कॉन्फिगरेशन’ चुकीचं आहे असा संदेश असेल, तर तो प्रोग्राम एखाद्या रनटाइमची नेमकी आवृत्ती मागतोय आणि ती बसवलेली नाही. या शेवटच्या प्रकारात खिडकीत फाइलचं नाव नसतं; ते इव्हेंट व्ह्यूअरमधल्या ॲप्लिकेशन लॉगमध्ये मिळतं.

खिडकीच्या शीर्षकपट्टीवर कोणत्या प्रोग्रामचं नाव आहे तेही टिपून ठेवा. संगणक सुरू होताच येणाऱ्या तक्रारी पुष्कळदा तुम्ही केव्हाच काढून टाकलेल्या सॉफ्टवेअरच्या असतात: प्रोग्राम गेला, पण स्टार्टअपमधली किंवा टास्क शेड्युलरमधली नोंद मागे राहिली. तिथे डीएलएल आणायची नसते, ती उरलेली नोंद काढायची असते. शीर्षकपट्टीवर रनडीएलएल दिसलं तर बहुतेक वेळा हेच प्रकरण.

पायरी दुसरी: नावावरून मालक ओळखा

सगळ्यात जास्त तक्रारी येतात त्या व्हिज्युअल सी++ रनटाइमच्या फाइलींच्या. नावं एकदा वाचायला शिकलात की कोणतं पॅकेज हवं ते आकडाच सांगतो. एमएसव्हीसीआर किंवा एमएसव्हीसीपीच्या पुढे ९० असेल तर २००८ची आवृत्ती, १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. त्यानंतर एकदम १४०. मधला १३० कधी आलाच नाही. १४०चा आकडा २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ या चारही आवृत्त्यांना एकच आहे, आणि त्या सगळ्यांचं काम एकाच पॅकेजमध्ये भागतं. म्हणजे व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल किंवा एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल हरवली असेल तर त्यातलं सर्वांत नवं पॅकेज घ्यायचं. व्हीसीरनटाइम१४०_१.डीएलएल ही फाइल २०१९च्या आवृत्तीपासून आली. बाकी सगळं असून हीच नाही अशी तक्रार असेल तर तुमच्याकडचं पॅकेज जुनं आहे असं समजा.

एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशी सुरुवात आणि पुढे लांबलचक शेपूट असलेली नावं यूसीआरटीची, म्हणजे युनिव्हर्सल सी रनटाइमची. विंडोज १०पासून ते विंडोजचाच भाग आहे, त्यामुळे नव्या संगणकावर ही तक्रार सहसा येत नाही. विंडोज ७वर ती हमखास येते. तिथे केबी२९९९२२६ हे अपडेट लागतं.

डी३डीएक्स९_४३, एक्सइनपुट१_३ अशी नावं डायरेक्टएक्सच्या जुन्या जोडफाइलींची. इथे लोक चक्रावतात, कारण संगणकात डायरेक्टएक्स १२ असतं आणि तरीही खेळ म्हणतो डायरेक्टएक्सची फाइल नाही. नव्या डायरेक्टएक्समध्ये या जुन्या जोडफाइली समाविष्टच नाहीत. त्या शेजारीशेजारी नांदतात. मायक्रोसॉफ्टचं जून २०१० हे तारखेचं लेबल असलेलं डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम्सचं पॅकेज बसवलं की काम होतं. वर्ष जुनं दिसतं म्हणून कचरू नका, या फाइलींची शेवटची आवृत्ती तीच.

नावात एनव्ही किंवा एएमडी असेल, किंवा ओपनसीएल, व्हल्कन असं काही असेल, तर ग्राफिक्स ड्रायव्हरकडे वळा. क्यूटी५कोअर किंवा लिबसीईएफसारख्या फाइली मात्र प्रोग्राम स्वतःसोबत आणतो आणि स्वतःच्या फोल्डरमध्ये ठेवतो. त्या हरवल्या तर तो प्रोग्रामच पुन्हा बसवायचा. एनटीडीएलएल, कर्नल३२, यूसीआरटीबेस ही खुद्द विंडोजची मंडळी. अशा फाइलीचं नाव क्रॅशच्या अहवालात दिसलं म्हणून ती दोषी ठरत नाही. कोसळणारा कोड शेवटी तिच्या अंगावर येऊन पडलेला असतो, एवढाच अर्थ बहुतेक वेळा निघतो.

पायरी तिसरी: दुरुस्ती

क्रमाने जा. सोपं आणि निरुपद्रवी आधी.

रीसायकल बिन पाहा. मग विंडोज सिक्युरिटी उघडून प्रोटेक्शन हिस्टरी तपासा, दुसरं अँटिव्हायरस असेल तर त्याचं क्वारंटाइन. अँटिव्हायरसने डीएलएल उचलून नेली आणि प्रोग्राम लंगडा झाला, हे नेहमीचं. पण लगेच रिस्टोअर दाबू नका. प्रोग्राम अधिकृत जागेवरून घेतलेला आहे याची खात्री असेल तरच. क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर असेल तर अँटिव्हायरसचं म्हणणं बहुधा बरोबर असतं.

त्यानंतर प्रोग्रामची दुरुस्ती. सेटिंग्जमधल्या ॲप्सच्या यादीत काही प्रोग्रामना मॉडिफाय किंवा रिपेअरची सोय असते, ती आधी वापरा. नसेल तर पूर्ण काढून, रीस्टार्ट करून, निर्मात्याच्या साइटवरून ताजा इन्स्टॉलर घेऊन बसवा. जुना इन्स्टॉलर बऱ्याचदा रनटाइमचीही जुनीच आवृत्ती आणतो.

रनटाइमची फाइल असेल तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून ते पॅकेज घ्या, आणि ६४ बिट विंडोजवर एक्स८६ आणि एक्स६४ ही दोन्ही बसवा. विंडोज ६४ बिट आहे म्हणून एक्स६४ पुरेसं, हा समज सगळ्यात जास्त वेळ खातो. कोणतं लागणार हे प्रोग्राम किती बिटचा आहे यावर ठरतं, विंडोज किती बिटचं आहे यावर नाही. दोन्ही असली तर बिघडत काहीच नाही.

ॲप्सच्या यादीत व्हिज्युअल सी++ची सात-आठ पॅकेजेस ओळीने दिसतात आणि ती पाहून आवराआवरीची हुक्की येते. येऊ देऊ नका. २००८ आणि २०१०ची पॅकेजेस एकमेकांची जागा घेत नाहीत. २०१०वर बांधलेल्या प्रोग्रामला २०१०चंच लागतं.

विंडोजच्याच फाइली खराब असल्याचा संशय असेल तर कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडा. आधी ही कमांड:

डीआयएसएम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ

आणि ती संपल्यावर ही:

एसएफसी /स्कॅननाऊ

क्रम असाच का? एसएफसी बिघडलेली सिस्टम फाइल ओळखून तिच्या जागी चांगली प्रत ठेवतं, आणि ती प्रत घेतं विंडोजच्या घटकसाठ्यातून. साठाच खराब असेल तर एसएफसी काय करणार? डीआयएसएम आधी तो साठा दुरुस्त करतं, गरजेप्रमाणे विंडोज अपडेटवरून फाइली मागवून. त्यामुळे इंटरनेट चालू ठेवा. मध्येच टक्केवारी एका आकड्यावर बराच वेळ खिळून राहते. खिडकी बंद करू नका, थांबा. एसएफसीने काही फाइली दुरुस्त करता आल्या नाहीत असं सांगितलं तर रीस्टार्ट करून पुन्हा एकदा चालवा. तपशील विंडोज फोल्डरमधल्या लॉग्ज, त्यातल्या सीबीएस फोल्डरच्या सीबीएस.लॉग या फाइलीत असतो.

आणि एक मर्यादा लक्षात घ्या: एसएफसी फक्त विंडोजच्या संरक्षित फाइली पाहतं. तुमच्या अकाउंटिंग सॉफ्टवेअरची किंवा खेळाची डीएलएल हरवली असेल तर ते ‘सगळं ठीक आहे’ असंच सांगणार, आणि त्याच्या दृष्टीने ते खरंच असतं.

पायरी चौथी: तरीही अडलं तर

आता थोडं खोलात. सगळ्यात चकवणारा प्रकार म्हणजे १२६ क्रमांकाची चूक. संदेशात अबक.डीएलएल लोड झाली नाही असं म्हटलेलं असतं, आणि अबक.डीएलएल तर समोर फोल्डरमध्ये दिसत असते! होतं असं की त्या डीएलएललाही दुसऱ्या डीएलएल लागतात, त्यांना आणखी तिसऱ्या. साखळीतली एखादी खालची कडी गायब असते आणि बोट दाखवलं जातं वरच्या फाइलीकडे.

खरी गायब कडी शोधायला मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटरनल्स संचातलं प्रोसेस मॉनिटर हे मोफत साधन उत्तम. ते ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. फिल्टरमध्ये प्रोसेस नेमच्या पुढे तुमच्या प्रोग्रामच्या ईएक्सईचं नाव द्या, आणि दुसऱ्या अटीत पाथचा शेवट डीएलएलने होतो असं सांगा. आता प्रोग्राम चालवा, तक्रारीची खिडकी येऊ द्या, आणि लगेच प्रोसेस मॉनिटरमधली नोंदणी थांबवा.

रिझल्टच्या रकान्यात ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळी ढिगाने दिसतील. घाबरू नका, बहुतेक निर्दोष असतात: विंडोजने प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये पाहिलं, नाही मिळाली, मग सिस्टम३२मध्ये पाहिलं, मिळाली. तुम्हाला हवी आहे ती अशी फाइल जिच्या नावापुढे प्रत्येक फोल्डरमध्ये ‘नेम नॉट फाउंड’च आहे आणि एकदाही ‘सक्सेस’ नाही. यादीच्या शेवटाकडून वर वाचत या. दोषी नाव सहसा प्रोसेस संपण्याच्या थोडंच आधी असतं. आवृत्तीचा घोळ असेल तर उलट करा: ‘सक्सेस’च्या ओळी वाचा आणि ती डीएलएल नेमकी कोणत्या फोल्डरमधून उचलली गेली ते पाहा.

प्रोग्राम चालू होत असेल आणि नंतर त्रास देत असेल तर त्याच संचातलं प्रोसेस एक्सप्लोरर उघडा. कंट्रोल आणि डी एकत्र दाबलं की निवडलेल्या प्रोसेसमध्ये लोड झालेल्या सगळ्या डीएलएल खालच्या भागात दिसतात. कंट्रोल आणि एफने उलटा शोध घेता येतो: ही डीएलएल कोणी धरून ठेवली आहे? फाइल डिलीट होत नाही, ‘वापरात आहे’ म्हणते, तेव्हा हे फार उपयोगी. काहीही न उतरवता एवढंच काम करायचं असेल तर कमांड प्रॉम्प्टमध्ये टास्कलिस्ट /एम आणि पुढे डीएलएलचं नाव.

जुन्या लेखांत डिपेंडन्सी वॉकर नावाचं साधन सुचवलेलं असतं. एकेकाळी चांगलं होतं, पण नव्या विंडोजची एपीआय-एमएस-विन ही नावं त्याला उमगत नाहीत आणि नसलेले दोष ते लाल रंगात दाखवतं. डिपेंडन्सीज नावाचं मुक्तस्रोत साधन त्याची जागा घेण्यासाठीच लिहिलेलं आहे, ते वापरा.

रेगएसव्हीआर३२चा सल्ला

‘डीएलएल टाकल्यावर रेगएसव्हीआर३२ने रजिस्टर करा’ हे वाक्य इतक्या ठिकाणी सापडतं की तो नियमच वाटावा. रजिस्टर करायच्या असतात त्या फक्त कॉम (एका प्रोग्रामचे घटक दुसऱ्याला वापरू देणारी मायक्रोसॉफ्टची रीत) पद्धतीच्या डीएलएल, ज्यांच्यात डीएलएलरजिस्टरसर्व्हर नावाचं फंक्शन असतं. व्हीसीरनटाइम१४० किंवा डी३डीएक्स९_४३ला रजिस्टर करायला गेलात तर ते फंक्शन सापडलं नाही असा संदेश येईल, आणि अनेक जण तोच नवा बिघाड समजून त्याच्यामागे लागतात. खरोखर कॉमची ३२ बिट डीएलएल असेल तर सिसवाव६४मधलं रेगएसव्हीआर३२ वापरा आणि कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा.

सुटी फाइल का नको

बसत नाही, हा एक भाग झाला. दुसरा अधिक गंभीर आहे. डीएलएल लोड झाली की तिच्यातला कोड तुमच्या प्रोग्रामच्या सगळ्या अधिकारांनिशी चालतो. प्रोग्राम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवलात तर तीही ॲडमिनिस्ट्रेटर. अनोळखी साइटवरची डीएलएल आणि अनोळखी साइटवरची ईएक्सई यांत धोक्याच्या दृष्टीने काडीचाही फरक नाही, पण ईएक्सईला बिचकणारे लोक डीएलएल बिनधास्त घेतात. प्रोग्रामचं फोल्डर शोधात आधी येत असल्यामुळे, भरवशाच्या ईएक्सईशेजारी घातक डीएलएल ठेवून ती लोड करवून घेणं हा हल्लेखोरांचा आवडता मार्ग आहे.

आधीच कुठे अशी फाइल टाकली असेल तर तिच्या प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब पाहा. मायक्रोसॉफ्टची म्हणवणाऱ्या रनटाइम फाइलीवर मायक्रोसॉफ्टची सही नसेल तर ती काढा. मात्र विंडोजच्या स्वतःच्या कित्येक फाइलींची सही वेगळ्या कॅटलॉग फाइलीत असते, त्यामुळे त्यांच्यावर हा टॅब न दिसणं हा पुरावा ठरत नाही. तिथे सिसइंटरनल्सचं सिगचेक वापरा. सही आहे म्हणजे सगळं सुरक्षित असंही नाही. मार्च २०२३मध्ये ३सीएक्सच्या डेस्कटॉप फोन-ॲपचा सही केलेला अधिकृत इन्स्टॉलरच बाधित निघाला होता, आणि घातक कोड होता त्यातल्या एफएफएमपेग आणि डी३डीकंपायलर_४७ या दोन डीएलएलमध्ये.

विनएसएक्सएसला हात लावू नका

विंडोज फोल्डरात विनएसएक्सएस नावाचं भलंमोठं फोल्डर दिसतं. वर ज्या घटकसाठ्याचा उल्लेख आला तो हाच. एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या इथे शेजारीशेजारी राहतात. विंडोज ९५-९८च्या काळात एका प्रोग्रामचा इन्स्टॉलर सामायिक डीएलएलवर स्वतःची आवृत्ती लिहून दुसऱ्या प्रोग्रामचा बळी घ्यायचा. ‘डीएलएल हेल’ हा शब्द त्या दिवसांचा. विंडोज २०००ने सिस्टम फाइलींना संरक्षण दिलं आणि एक्सपीने आवृत्त्या वेगळ्या ठेवण्याची ही सोय रुळवली.

एक्सप्लोरर त्याचा आकार फुगवून दाखवतो, कारण यातल्या पुष्कळ फाइली सिस्टम३२मधल्याच फाइलींची दुसरी नावं असतात, म्हणजे हार्ड लिंक. खरा आकार पाहायला डीआयएसएम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /ॲनालाइझकॉम्पोनंटस्टोअर, आणि जुन्या आवृत्त्या रीतसर काढायला त्याच कमांडमध्ये शेवटच्या शब्दाऐवजी /स्टार्टकॉम्पोनंटक्लीनअप. हाताने एकही फाइल डिलीट करू नका.

जुने अनइन्स्टॉलर मध्येच थांबून ‘ही सामायिक फाइल आता कोणी वापरत नाही, काढू का?’ असं विचारतात. त्यांचा आधार रजिस्ट्रीतली एक मोजणी असते आणि ती प्रत्येक इन्स्टॉलर इमानदारीने ठेवतोच असं नाही. ‘नाही’ म्हणा. फार तर काही एमबी अडून राहतील.

लिनक्स आणि मॅक

तत्त्व तेच, नावं वेगळी. लिनक्सवर या फाइलींचं शेपूट एसओ असतं. लिबएसएसएल.एसओ.१.१ उघडता आली नाही अशी तक्रार उबुंटू २२.०४ आल्यावर सर्रास दिसू लागली, कारण त्या आवृत्तीत ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीची ३ ही आवृत्ती आली आणि जुनी गेली. तिथेही सुटी फाइल आणण्यासारखाच एक आडमार्ग लोक घेतात: नव्या लायब्ररीला जुन्या नावाची सिमलिंक, म्हणजे तिच्याकडे बोट दाखवणारं दुसरं नाव, देतात. नावातला तो शेवटचा आकडा सुसंगतता कुठे तुटली हे सांगण्यासाठीच असतो. तो खोटा पाडून प्रोग्राम फसत नाही, कोसळतो. प्रोग्रामची नवी आवृत्ती घ्या, किंवा फाइल कोणत्या पॅकेजची ते डेबियन-उबुंटूवर एपीटी-फाइल सर्चने आणि फेडोरावर डीएनएफ प्रोव्हाइड्सने शोधा. काय काय लागतं ते एलडीडी दाखवतं, पण अनोळखी प्रोग्रामवर ते चालवू नका, कारण काही परिस्थितीत त्या प्रोग्रामचा कोडच चालू शकतो. तिथे ऑब्जडंप -पी बरं.

एप्रिल २०१४मध्ये ओपनएसएसएलमधला हार्टब्लीड दोष उघड झाला, तेव्हा एक सामायिक लायब्ररी अपडेट केली की तिच्यावर अवलंबून असलेले सगळे प्रोग्राम सुधारले. अट एकच: ते पुन्हा सुरू करायला हवेत. लिनक्स वापरातली फाइल बदलू देतं, पण चालू असलेली प्रोसेस जुनीच प्रत मेमरीत घेऊन बसते. नीडरीस्टार्ट हे साधन अशा प्रोसेस दाखवतं.

मॅकवर शेपूट डायलिब, आणि यादी पाहायला ओटूल -एल (एल कॅपिटल). मॅकच्या बिग सर या आवृत्तीपासून सिस्टमच्या डायलिब फाइली डिस्कवर सुट्या नसतात, एका सामायिक कॅशमध्ये असतात. ओटूलने दाखवलेल्या पत्त्यावर फाइल दिसली नाही तरी ती गायब आहे असं समजू नका.

मदत मागताना काय सांगाल

एवढं करूनही सुटलं नाही तर जाणकाराला विचारा. विचारताना संदेशाचा पूर्ण स्क्रीनशॉट, प्रोग्रामचं नाव आणि आवृत्ती, तो ३२ की ६४ बिट, विंडोजची आवृत्ती, आणि बिघाडाच्या आधी काय बदललं होतं ते द्या: अपडेट, नवा ड्रायव्हर, काढून टाकलेलं काही. प्रोसेस मॉनिटरची नोंद पीएमएल फाइलीत साठवून ठेवलेली असेल तर काम आणखी सोपं होतं, फक्त तिच्यात तुमच्या फोल्डरांची आणि फाइलींची नावं असतात, तेव्हा ती चारचौघांत टाकू नका. आणि मधल्या काळात कुठून तरी डीएलएल उतरवून टाकली असेल तर तेही लपवू नका. कोणती फाइल, कोणत्या फोल्डरात, हे कळल्याशिवाय पुढचा माणूस चुकीच्याच आवृत्तीचा माग काढत बसेल.